दहावा मोजायचा राहिला : अद्वैत वेदान्त आणि आत्मविचाराचा एक जुना वाद

मागच्या व्याख्यानात आपण उपनिषदांतील महावाक्यांपर्यंत येऊन थांबलो होतो. ठरल्याप्रमाणे आज शंकराचार्यांच्या नंतरचा वेदान्त घ्यायचा आहे. तो घेणारच आहोत, पण जरा वेगळ्या दारानं आत जाऊ. त्याला कारण एक प्रश्न.

मागच्या खेपेला व्याख्यान संपल्यावर एक बाई थांबल्या. वय आमच्याच आसपासचं. गर्दी ओसरेपर्यंत थांबल्या आणि म्हणाल्या, "सर, ‘मी देह नाही’ हे मला पटलंय. पटून वीस वर्षं झाली. ग्रंथ वाचले, प्रवचनं ऐकली, शंका उरली नाही. पण परवा भावाशी जागेच्या वाटणीवरून बोलणं झालं, तो नको ते बोलला, आणि रात्रभर डोळ्याला डोळा लागला नाही. मग वीस वर्षं मला जे पटलंय, ते नेमकं काय पटलंय?"

आम्ही म्हणालो, "पुढच्या व्याख्यानात बोलू." हे प्राध्यापकांचं ठेवणीतलं उत्तर. वर्गात तास संपायला पाच मिनिटं असली की हेच चालायचं. पण घरी जाताना लक्षात आलं की बाईंनी विचारलेला प्रश्न आम्ही आयुष्यभर शिकवत आलो. फक्त तो प्रश्न आहे हे विसरून शिकवत आलो. आमच्या प्रश्नपत्रिकेत तो असा यायचा : ‘टीप लिहा – प्रसंख्यानवाद. गुण पाच.’

तर आज त्या पाच गुणांच्या टिपेचा इतिहास सांगायचा आहे.

सुरुवात एका गोष्टीपासून करू. आपल्यापैकी बहुतेकांना ती माहीत असेल. दहा जण नदी पार करतात. पलीकडे गेल्यावर कुणी वाहून तर गेलं नाही ना, म्हणून एक जण मोजायला लागतो. नऊच भरतात. दुसरा मोजतो, तरी नऊ. प्रत्येक जण समोरच्यांना मोजतो आणि स्वतःला मोजायचं राहून जातं. मग रडारड सुरू होते. दहावा बुडाला! तेवढ्यात एक वाटसरू येतो, बघतो आणि मोजणाऱ्याकडे बोट करून म्हणतो, "अरे, दहावा तूच." संपली गोष्ट.

ही गोष्ट लहान मुलांना सांगितली तर ती हसतात. वेदान्त्यांनी मात्र शेकडो वर्षं हिच्यावर काथ्याकूट केला, आणि तो उगीच केलेला नाही. शंकराचार्यांनी ‘उपदेशसाहस्री’मध्ये हा दृष्टान्त वापरला, त्याचं कारण बघा. दहाव्याला दहावा होण्यासाठी काही करावं लागलं का? नदीत पुन्हा उडी मारावी लागली का? नाही. तो आधीपासून दहावाच होता. वाक्य ऐकलं आणि काम झालं. ‘तत्त्वमसि’ हे वाक्य असंच काम करतं, असं आचार्यांचं म्हणणं. मोक्ष ही बनवायची वस्तू नाही. बनवलेली वस्तू मोडते. जे आहेच, त्याच्याविषयीचा गैरसमज तेवढा जायचा आहे, आणि गैरसमज जातो तो ज्ञानानं. यज्ञ, जप, ध्यान यांनी मनाची तयारी होते, पण गैरसमज जात नाही.

ह्याच्यावर एका मोठ्या माणसानं हरकत घेतली. त्याचं नाव मंडनमिश्र. मंडनमिश्र म्हटलं की आपल्याला आठवते ती कथा : शंकराचार्यांशी वाद, पत्नी उभयभारती पंच, हरल्यावर संन्यास आणि सुरेश्वराचार्य हे नवं नाव. कथा सुंदर आहे. पण १९३७ मध्ये कुप्पुस्वामी शास्त्री यांनी मद्रासहून मंडनांची ‘ब्रह्मसिद्धी’ संपादित करून प्रसिद्ध केली. ती आणि सुरेश्वरांची ‘नैष्कर्म्यसिद्धी’ शेजारी शेजारी ठेवून वाचली, की हे दोघे एकच होते असं मानणं अवघड होऊन बसतं. अनेक अभ्यासकांना ते वेगळे वाटतात, आम्हालाही तसंच वाटतं. कारण ज्या मुद्द्यावर मंडन ठाम उभे आहेत, त्याच मुद्द्यावर सुरेश्वर तुटून पडतात.

मंडनांचं म्हणणं काय? ते म्हणतात, शब्दानं होणारं ज्ञान हे लांबूनचं ज्ञान असतं. परोक्ष. आणि भ्रम मात्र समोर ठाकलेला असतो, प्रत्यक्ष. एखाद्याला डोळ्यांच्या दोषामुळे दोन चंद्र दिसतात. विश्वासू माणसानं सांगितलं, "अरे, चंद्र एकच आहे." त्याला ते पटलं, शंका उरली नाही. तरी वर बघितलं की दोनच दिसतात. किंवा दिशाभूल झालेल्या माणसाचं घ्या. नव्या गावात एस.टी.तून उतरल्यावर पूर्व कुठली ते कळेनासं होतं. कुणी सांगितलं तरी सूर्य भलत्याच बाजूला उगवल्यासारखा वाटत राहतो. एस.टी. आमची, पण दृष्टान्त मंडनांचा. तसंच, अनादि काळापासून ‘मी म्हणजे हा देह’ असा संस्कार घट्ट बसलेला. तो एका वाक्यानं कसा जाईल? तेवढाच बळकट उलटा संस्कार बसेपर्यंत त्या ज्ञानाचं पुन्हा पुन्हा अनुसंधान करत राहिलं पाहिजे. ह्या मताचं नाव पुढच्या वादांत प्रसंख्यानवाद असं पडलं.

आता सांगा, त्या बाईंची बाजू कोण मांडतंय? मंडनमिश्रच. "पटलंय, पण दोन चंद्र दिसतायत."

सुरेश्वरांचं उत्तर तिखट आहे. ते म्हणतात, वाक्यातून तुम्हाला लांबूनचंच ज्ञान झालं असेल, तर ते हजारदा घोळवून काय होणार? हजारपट लांबूनचंच ज्ञान! आपल्याकडे म्हणतात ना, कोळसा उगाळावा तितका काळाच. उगाळल्यानं वस्तूचा जिन्नस बदलत नाही. तेव्हा वाक्य कमी पडलेलं नाही, वाक्यातला एक शब्द तुम्हाला लागलेला नाही. कोणता शब्द? ‘तू’. ‘ते ब्रह्म तू आहेस’ ह्यातल्या ‘ते’ ह्या शब्दावर आपण फार विचार करतो. ‘तू’ हा शब्द आपल्याला माहीतच आहे असं धरून चालतो. वाटसरू म्हणतो "दहावा तू", आणि ऐकणारा ‘तू’ म्हणजे आपला सदरा समजतो, असं काहीसं होतं. म्हणून ‘तू’ची निवड करायची. धान्य निवडतात तशी. जागेपणी देह आहे, स्वप्नात हा देह नाही, तरी बघणारा आहे. गाढ झोपेत स्वप्नही नाही, तरी उठल्यावर ‘काही कळलं नाही’ असं सांगणारा आहे. जे येतं-जातं ते बाजूला काढायचं आणि ज्याच्यासमोर ते येतं-जातं ते ठेवायचं. शास्त्रात ह्याला अन्वय-व्यतिरेक म्हणतात. वेदान्तात ‘विचार’ हा शब्द येतो तो ह्या अर्थानं. आपण ‘फार विचार करू नका’ म्हणतो तो विचार वेगळा. तो खरं म्हणजे घोळ असतो.

इथं एक गोष्ट मात्र आचार्यांच्या बाजूनं सांगितली पाहिजे, कारण पुष्कळदा असं शिकवलं जातं की शंकराचार्यांना साधना नको होती. ‘उपदेशसाहस्री’चा गद्य भाग छोटा आहे, तीन प्रकरणांचा. दुसऱ्या प्रकरणात शिष्य येतो आणि विचारतो की जागेपणी आणि स्वप्नात मला दुःख होतं, झोपेत मध्ये सुटका मिळते, पुन्हा दुःख सुरू. हा माझा स्वभावच आहे, की ह्याला काही कारण आहे? डॉक्टरकडे गेलेला माणूस विचारतो तसा प्रश्न. स्वभाव असेल तर इलाज नाही, कारण असेल तर आहे. आणि तिसऱ्या, सगळ्यात छोट्या प्रकरणात आचार्य एक बैठक सांगतात. तिचं नाव परिसंख्यान. प्रसंख्यानाशी नाव जुळतं, पण दोन्हीचा रोख निराळा आहे. परिसंख्यानात माणसानं बसून एकेक विषय समोर घ्यायचा. पहिला कोणता? शब्द. कानावर पडणारे शब्द. त्यात आचार्य गोड शब्द घेतात तसे खोटे बोलणं, भीती दाखवणं, अपमान, टाकून बोलणं, हेही घेतात. आणि पाहायचं असं की हा शब्द मला ऐकू येतोय, म्हणजे तो माझ्यासमोरचा आहे. जो ऐकतोय त्याला तो चिकटत नाही. मग स्पर्श, रूप, रस, गंध, त्याच क्रमानं.

भावाचे शब्द आठवतात ना? आठव्या शतकातल्या एका संन्याशानं त्याच जागेपासून सुरुवात केली आहे. आम्ही हे प्रकरण दरवर्षी शिकवायचो आणि ‘हा भाग तुलनेने सोपा आहे, घरी वाचा’ असं सांगून पुढे जायचो.

(जाता जाता एक. ह्यातून जागेवरचा हक्क सोडावा असं आचार्यांनी कुठं म्हटलेलं नाही. तो कज्जा वेगळा, तो वकिलाला विचारा.)

पुढे ह्या दोन बाजूंच्या जवळपास दोन शाळा झाल्या. वाचस्पतिमिश्रांची ‘भामती’ मंडनांच्या बाजूला झुकते : श्रवण झालं तरी पुढचं ध्यान, निदिध्यासन, हेच साक्षात्काराचं मुख्य साधन. पद्मपाद आणि प्रकाशात्मा यांचं ‘विवरण’ प्रस्थान सुरेश्वरांच्या बाजूचं : वाक्यश्रवण हेच मुख्य, बाकीचं मदतनीस. ह्या दोन शाळांचे बारकावे पुष्कळ आहेत, आज ते नकोत. आज सांगायचं आहे ते असं की हा वाद पोथीत राहिला नाही. तो हजार वर्षांनी आपल्या अंगणात पुन्हा उभा राहिला, आणि त्यात भांडणाऱ्यांपैकी कुणालाही बहुधा मंडनमिश्रांच्या ग्रंथाची गरज पडली नाही.

सोलापूर, जत आणि विजापूर ही तीन गावं जोडली तर मध्ये जो मुलूख येतो तो डोळ्यांसमोर आणा. ज्वारीचा, कमी पावसाचा. अर्धं गाव कन्नड बोलतं, अर्धं मराठी, आणि बाजारात सगळे दोन्ही बोलतात. तिथं निंबर्गी नावाच्या गावी एकोणिसाव्या शतकात एक लिंगायत सत्पुरुष होऊन गेले, निंबर्गी महाराज. त्यांची परंपरा ते नवनाथांपैकी रेवणनाथांकडे आणि काडसिद्धांकडे नेतात. त्यांचे शिष्य उमदीचे व्यंकटेश खंडेराव देशपांडे, म्हणजे भाऊसाहेब महाराज, जन्म १८४३. गुरू लिंगायत, शिष्य देशस्थ ब्राह्मण. त्या काळी ही लहान गोष्ट नव्हती. भाऊसाहेबांनी १८८५ मध्ये इंचगिरीला मठ स्थापला आणि त्या गावावरूनच संप्रदायाला नाव पडलं. ‘दासबोध’ हा तिथला नित्याचा ग्रंथ.

भाऊसाहेबांचा भर नामावर आणि दीर्घ ध्यानावर. गंमत म्हणून थोडा वेळ बसायचं, असं नव्हे. तासन् तास, रोज, वर्षानुवर्षं. ह्याला ते लोक पिपीलिका मार्ग म्हणतात, मुंगीची वाट. मुंगी झाडावर चढते, मध्येच पडते, पुन्हा चढते, शेवटी फळापर्यंत पोचते. ह्याच परंपरेतून एक प्राध्यापक झाले, रामचंद्र दत्तात्रेय रानडे, आपले गुरुदेव रानडे. जमखंडीचे. १९०१ मध्ये, पंधराव्या वर्षी त्यांना भाऊसाहेबांकडून नाम मिळालं. पुढे फर्ग्युसन, मग अलाहाबाद विद्यापीठात तत्त्वज्ञानाचे प्रमुख आणि कुलगुरूसुद्धा. उपनिषदांवरचा त्यांचा इंग्रजी ग्रंथ १९२६ चा, महाराष्ट्रातील संतांवरचा १९३३ चा. आमच्या पिढीच्या तत्त्वज्ञानाच्या विद्यार्थ्यांनी हे ग्रंथ वाचले, पण ते ज्या ध्यानाच्या बैठकीतून आले, तिच्याविषयी वर्गात कुणी बोलत नसे. ते ‘वैयक्तिक’ समजलं जाई.

आता त्याच भाऊसाहेबांचे दुसरे शिष्य. सिद्धरामेश्वर महाराज, जन्म १८८८, सोलापूर जिल्ह्यातलं पाथरी. विजापुरात एका मारवाडी पेढीवर हिशेब लिहायचे. १९०६ मध्ये गुरुभेट झाली, सांगितलेलं ध्यान केलं. १९१४ मध्ये भाऊसाहेब गेले. त्यानंतर काही वर्षांनी, १९२० च्या सुमारास, सिद्धरामेश्वर म्हणू लागले की ध्यान हा सुरुवातीचा टप्पा आहे, त्याच्या पुढे गेलं पाहिजे. मुंगीची वाट आहे तशी पाखराची वाटही आहे, विहंगम मार्ग. पाखरू एका फांदीवरून उडतं ते थेट फळावर. ती वाट विचाराची : ऐकणं आणि त्यावर मनन करणं.

गुरुबंधूंना हे रुचलं नाही. त्यांचं म्हणणंही समजून घेण्यासारखं आहे. गुरूंनी जन्मभर ध्यान सांगितलं, त्यापलीकडे काही सांगितलं नाही, आणि हे कोण आले नवं सांगणारे? गुरू तर आता विचारायला नाहीत! मंडळी, इथं विषय नुसता तत्त्वज्ञानाचा राहत नाही. गुरू गेल्यावर त्याचं वाक्य जसंच्या तसं सांभाळायचं, की त्या वाक्यानं आपल्याला जिथं आणून सोडलं तिथून पुढे चालायचं, हा प्रत्येक परंपरेतला दुखरा प्रश्न असतो. सिद्धरामेश्वर मागे हटले नाहीत. आधी मात्र त्यांनी स्वतः विजापुरात महिनोन् महिने खडतर ध्यान केलं, आणि मग बोलू लागले. त्यांच्या अनुयायांपैकी पुष्कळ जण हा पहिला भाग वगळून दुसराच सांगतात. आमच्या मते तो वगळता येत नाही.

त्यांची प्रवचनं वाचताना आम्हाला सुरेश्वरांची आठवण झाली ती ‘अध्यात्मज्ञानाची गुरुकिल्ली’ ह्या छोट्या पुस्तकापाशी. तिथं शोध चालतो तो ‘मी’ हरवल्याचा. स्थूल देहात ‘मी’ सापडतो का बघा. हात माझा, पाय माझा, सगळंच ‘माझं’ निघतं, ‘मी’ निघत नाही. मग सूक्ष्म देहात : मन, बुद्धी, इंद्रियं. तिथंही तीच तऱ्हा. मग कारण देह, जिथं नुसतं विसरणं आहे. मग महाकारण, जिथं नुसतं जाणणं आहे. एकेक खोली झाडत जायचं. हा अन्वय-व्यतिरेकच आहे, पण पेढीवरच्या हिशेबनिसाच्या भाषेत : जमाखर्चाची एकेक रक्कम तपासायची आणि ‘मी’च्या खात्यावर चुकून पडलेल्या रकमा वळत्या करायच्या. ही उपमा आमची, महाराजांवर ढकलत नाही. पण हिशेब लिहिणाऱ्या माणसाच्या बोलण्यात जी नेटकी टापटीप असते, ती तिथं जाणवते.

सिद्धरामेश्वर १९३६ मध्ये, अवघ्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षी गेले. त्याच्या तीन वर्षं आधी, १९३३ मध्ये, मुंबईतले एक दुकानदार मित्राच्या आग्रहावरून त्यांच्याकडे आले होते. मारुती शिवरामपंत कांबळी. जन्म १८९७ चा, मुंबईत. लहानपण मालवण तालुक्यातल्या कांदळगावात, शेतीत आणि गुराढोरांत. वडील १९१५ मध्ये वारले, १९१८ मध्ये पोटासाठी मुंबई. थोडे दिवस कारकुनी केली, मग स्वतःचं दुकान. बिड्या, तंबाखू, किरकोळ सामान. चाललं बरं, दुकानं वाढली. लग्न झालं, मुलं झाली. हेच पुढे निसर्गदत्त महाराज.

गुरूंनी त्यांना सांगितलं ते थोडक्यात असं : तू स्वतःला जो समजतोस तो तू नाहीस, ‘मी आहे’ ही जी जाणीव आहे तिच्याशी राहा. बस्स. गुरूंचा सहवास जेमतेम तीन वर्षांचा. गुरू गेल्यावर १९३७ मध्ये हे घरदार सोडून हिंडायला निघाले आणि पुढल्या वर्षी परत आले. वाटेत त्यांचं असं ठरलं की संसारात राहूनच हे व्हायला हवं. बहुतेक दुकानं गेली होती, एक लहानसं राहिलं, त्यावर प्रपंच चालवला. आणि राहत्या घरी, खेतवाडीच्या दहाव्या गल्लीत, माळ्यावर बसून पुढे लोकांशी बोलू लागले. रोज भजन, ‘दासबोधा’सारख्या ग्रंथांचं वाचन, आणि प्रश्नोत्तरं.

इथं विचाराच्या साधनेविषयी एक बारीक गोष्ट लक्षात घ्या. ‘मी आहे’ ह्या जाणिवेशी राहा, ह्यात विचार कुठं आहे? वाक्य घोळवायचं नाही, युक्तिवादही नाही. ‘मी दुकानदार आहे’, ‘मी नवरा आहे’, ‘मी दुखावलो आहे’, ह्यांतला मधला शब्द आपण फार जपतो. तो गाळून जे उरतं तिथं लक्ष ठेवायचं. गिऱ्हाईक आलं की ‘दुकानदार’ पुन्हा येऊन बसतो, तो गाळायचा. बिडीचं बंडल देताना, सुटे पैसे मोजताना हे चाललंय. म्हणजे वाट पाखराची म्हणायची, पण दिवसातून शंभरदा उडायचं आणि शंभरदा पडायचं. मुंगी आणि पाखरू ह्यांत मग अंतर किती राहिलं, ते तुम्हीच बघा. सिद्धरामेश्वरांचे गुरुबंधू आणि सिद्धरामेश्वर ह्यांच्या भांडणाचा निकाल त्या दुकानात लागला असं आम्ही म्हणणार नाही. पण तिथं दोन्ही पक्षकार एकाच माणसात नांदत होते, एवढं दिसतं.

पुढची हकीगत जगाला माहीत आहे. मॉरिस फ्रीडमन नावाचे पोलंडमध्ये जन्मलेले ज्यू इंजिनिअर ह्या माळ्यावर येऊ लागले. विलक्षण माणूस. बंगळुरात विजेच्या सामानाच्या सरकारी कारखान्यात काम करायला आले, गांधीजींकडे ओढले गेले. औंध संस्थानानं १९३९ मध्ये प्रजेला स्वराज्य दिलं, त्या घटनेच्या मसुद्यात ह्यांचा हात होता. तिरुवण्णामलैला रमण महर्षींसमोर बसून त्यांनी खोचून खोचून प्रश्न विचारले होते. ‘मी कोण’ ही महर्षींची विचारपद्धती १९०२ मध्ये एका शिष्याच्या प्रश्नांना त्यांनी लिहून दिलेल्या उत्तरांतून पुढे आली, तीही ह्याच वाटेची सख्खी बहीण. तर ह्या फ्रीडमननी निसर्गदत्तांची मराठी संभाषणं ध्वनिमुद्रित करून इंग्रजीत आणली. ते पुस्तक १९७३ मध्ये मुंबईच्या चेतना प्रकाशनानं काढलं, आणि मग खेतवाडीत परदेशी माणसांची रीघ लागली. योगायोग असा की त्याच १९७३ मध्ये जपानी पंडित सेन्गाकु मायेदा यांनी ‘उपदेशसाहस्री’ची चिकित्सक आवृत्ती प्रसिद्ध केली. आम्हाला त्यातली दुसरी बातमी आधी कळली.

आणि आता जे सांगायचं ते आम्ही ह्यापूर्वी कुठल्या व्याख्यानात सांगितलेलं नाही.

१९७८ साली आम्ही मुंबईत होतो. प्रबंध लिहीत होतो. विषय शंकरोत्तर वेदान्त, आणि तिसरं प्रकरण, होय, प्रसंख्यानवाद. गिरगावात एका नातेवाइकांच्या खोलीत कॉट टाकून राहायचो. खेतवाडी तिथून चालत दहा-पंधरा मिनिटांवर. एका सकाळी चर्नी रोड स्टेशनाबाहेर एका गोऱ्या तरुणानं आम्हाला अडवून पत्ता विचारला. कागदावर लिहिलं होतं, खेतवाडी, दहावी गल्ली. आम्ही त्याला नीट रस्ता सांगितला, थोडं अंतर सोबतही गेलो. कुणाकडे जातोय ते त्यानं सांगितलं. आम्हाला नाव माहीत होतं. आम्ही मनात म्हणालो, बिडीच्या दुकानावर वेदान्त! त्याला वळणावर सोडलं आणि ग्रंथालयात जाऊन त्या दिवशी सुरेश्वरांच्या दृष्टान्तावर सहा पानं लिहिली. चांगली पानं होती. परीक्षकांनी कौतुक केलं.

महाराज ८ सप्टेंबर १९८१ ला घशाच्या कर्करोगानं गेले. म्हणजे तीन वर्षं आमच्या हातात होती. आम्ही गेलो नाही. अडवणारं कुणी नव्हतं. पदवी मिळायची होती, एवढंच कारण. गेलो असतो तर काही झालं असतं असा आमचा दावा नाही. पुष्कळ जण गेले आणि जसे होते तसे परत आले. पण प्रश्न समोर बसलेल्या माणसाला विचारता आला असता, तो आम्ही पुस्तकाला विचारत राहिलो.

आता बाईंच्या प्रश्नाकडे. चौदाव्या शतकात विद्यारण्यांच्या ‘पंचदशी’त सातवं प्रकरण आहे, तृप्तिदीप. त्यात दहाव्याची गोष्ट पुन्हा येते, पण ह्या वेळी सावकाश सांगितलेली. सात अवस्था पाडल्या आहेत. दहाव्याचा पत्ता नाही, हे अज्ञान. ‘दहावा दिसत नाही, नाहीच’, हे आवरण. छाती पिटून रडणं, हा विक्षेप. मग वाटसरू आधी एवढंच म्हणतो, "दहावा आहे, बुडालेला नाही." ही चौथी अवस्था, परोक्ष ज्ञान. जीव थोडा भांड्यात पडतो, पण दहावा कुठं आहे ते अजून कळलेलं नाही. मग "तूच तो", हे अपरोक्ष ज्ञान, पाचवी. सहावीत शोक जातो, सातवीत तृप्ती.

मंडन आणि सुरेश्वर ज्या एका क्षणावरून भांडत होते, त्याच्या विद्यारण्यांनी दोन पायऱ्या केल्या. वाक्य कान ओलांडून आत आलं, शंका फिटली, आणि तरी माणूस चौथीवर असू शकतो. ‘दहावा आहे’ ह्यावर त्याचा शंभर टक्के विश्वास आहे, तो इतरांना समजावूनसुद्धा सांगतो. आणि मोजायला लागला की नऊ.

पण त्याच प्रकरणात पुढे आणखी एक तपशील येतो, आणि आमचं मन तिथं अडकून राहिलं. रडताना ह्या माणसानं दुःखानं डोकं बडवून घेतलं होतं. डोक्याला जखम झाली होती. "दहावा तूच" हे कळलं, रडणं त्या क्षणी थांबलं. पण जखम? विद्यारण्य म्हणतात, जखम त्या क्षणी बरी होत नाही. तिला महिना लागतो, ती हळूहळू भरते. ती दुखतेच. दहावा जिवंत आहे ह्या आनंदाखाली ते दुखणं झाकलं जातं, इतकंच. ही जखम म्हणजे प्रारब्ध, असा त्याचा अर्थ ते लावतात.

तेव्हा बाई, तुम्ही आज आला असाल, नसाल, पण आम्हाला तुमच्या प्रश्नाचे दोन भाग दिसतात. भावाचं बोलणं लागलं, झोप उडाली. हे रडणं होतं की जखम दुखत होती? जखम असेल, तर तुम्हाला पटलंय ते खरंच पटलंय, आणि वीस वर्षं फुकट गेलेली नाहीत. तुमच्या घरातलं ते जुनं दुखणं आहे, त्याला त्याचा महिना लागेल, आणि विद्यारण्यांचा महिना तीस दिवसांचाच असतो असं नाही. रडणं असेल, तर वाक्य चौथ्या पायरीवर थांबलेलं आहे, आणि ‘तू’ ह्या शब्दाची निवड व्हायची राहिली आहे. ह्यातलं कोणतं, ते आम्हाला इथून सांगता येणार नाही. तुम्हालाही नुसत्या आठवणीतून ठरवता येणार नाही. ते त्या रात्रीच, अंथरुणावर, तो शब्द कानात पुन्हा वाजत असतानाच बघावं लागेल. परिसंख्यानाची जागा तीच.

आमचं स्वतःचं विचाराल, तर आम्ही चौथीवर. सगळे दृष्टान्त पाठ आहेत. पत्नीच्या शस्त्रक्रियेच्या वेळी दवाखान्याच्या बाकावर बसलो होतो, तेव्हा त्यांतला एक आठवायचा प्रयत्न केला. आठवला. नीट आठवला, प्रकरण आणि श्लोकासह. त्यानंतर गेली दोन वर्षं सकाळी अर्धा तास ते तिसरं छोटं प्रकरण घेऊन बसतो, विद्यार्थ्यांना ‘घरी वाचा’ म्हणून सांगितलेलं. अजून पहिल्या विषयावरच आहोत, शब्दावर. स्पर्शापर्यंत पोचलो नाही.

पुढच्या वेळी विवरण प्रस्थान राहिलंय ते घेऊ. आता प्रश्न असतील तर विचारा. आणि ह्या वेळी ‘पुढच्या व्याख्यानात बोलू’ म्हणणार नाही.